विसरलेल्या माणसाची जागा : ‘फॅमिली कॉन्स्टेलेशन’ उपचारपद्धती आणि तिच्यामागील तत्त्वज्ञान

सभागृहात वीस-पंचवीस खुर्च्या वर्तुळाकार मांडलेल्या असतात. बसलेली माणसे बहुतांशी एकमेकांना अपरिचित असतात. त्यांपैकी एक स्त्री उठते आणि संचालकाशेजारच्या खुर्चीत जाऊन बसते. आपली अडचण ती दोन-तीन वाक्यांत सांगते : कोणतेही नाते फार काळ टिकत नाही, जवळ आलेल्या माणसापासून आपणच दूर होतो. संचालक तिच्या स्वभावाविषयी काही विचारत नाही. त्याचे प्रश्न वेगळेच असतात. घरात कोणी अकाली दगावले होते काय? आजोबांचा आधी एखादा विवाह झाला होता काय? ज्याचे नाव घरात घेतले जात नाही, असे कोणी आहे काय?

त्यानंतर ती स्त्री जमलेल्यांतून एकाला वडिलांच्या, एकीला आईच्या आणि एकीला स्वतःच्या जागी निवडते. त्यांचे खांदे धरून, मनाला येईल त्या अंतरावर आणि त्या दिशेला तोंड करून ती त्यांना उभे करते आणि बाजूला बसून पाहू लागते. काही क्षण शांततेत जातात. मग आईच्या जागी उभी असलेली अनोळखी बाई सांगते, की आपले लक्ष जमिनीकडे वेधले जात आहे. वडिलांच्या जागी उभ्या असलेल्या गृहस्थांना पाठीमागे कोणीतरी असल्याचा भास होतो. संचालक आणखी एक व्यक्ती आणून तेथे उभी करतो : आजोबांची पहिली पत्नी, बाळंतपणात दगावलेली, जिची तसबीरही घरात लागली नाही.

‘फॅमिली कॉन्स्टेलेशन’ या नावाने जगभर परिचित झालेल्या पद्धतीचे सत्र साधारणपणे असे चालते. काहींना अर्ध्या-पाऊण तासात आयुष्याचे कोडे सुटल्यासारखे वाटते, तर काहींच्या मते हा मानसोपचाराचा वेष घेतलेला गूढवाद आहे. या पद्धतीचा उगम, तिचे तत्त्वज्ञान, तिच्यावरील आक्षेप आणि तिच्या परिणामांविषयीचा पुरावा यांचा हा परिचय.

नक्षत्र नव्हे, मांडणी

‘कॉन्स्टेलेशन’ या इंग्रजी शब्दाचा अर्थ तारकासमूह. त्यामुळे या पद्धतीचा ज्योतिषाशी संबंध असावा, असा अनेकांचा समज होतो. तो खरा नाही. मूळ जर्मन शब्द ‘फामिलिएनआउफश्टेलुंग’ असा असून त्याचा सरळ अर्थ ‘कुटुंबाची मांडणी’ असा होतो. पटावर सोंगट्या मांडाव्यात तशी माणसे मांडायची आणि त्यांच्यातील अंतर, त्यांची तोंडे कोणत्या दिशेला आहेत, कोण कोणाकडे पाहत नाही, यावरून कुटुंबातील संबंधांचा अंदाज घ्यायचा, ही यामागील कल्पना. एकट्या व्यक्तीसाठी लाकडी बाहुल्या किंवा जमिनीवर ठेवलेले कागद वापरूनही ही मांडणी केली जाते.

धर्मगुरू ते मानसोपचारक

या पद्धतीचे प्रवर्तक बर्ट हेलिंगर यांचा जन्म १६ डिसेंबर १९२५ रोजी जर्मनीतील लाइमेन या गावी, एका कॅथलिक कुटुंबात झाला. सतराव्या वर्षी त्यांना सैन्यात भरती करण्यात आले. पश्चिम आघाडीवर लढल्यानंतर ते बेल्जियममध्ये युद्धकैदी होते. तेथून निसटून घरी आल्यावर त्यांनी मारियानहिल मिशनरी या संघात प्रवेश घेतला. वुर्त्सबुर्ग येथे तत्त्वज्ञान आणि ईश्वरशास्त्राचा अभ्यास करून १९५२ मध्ये ते धर्मगुरू झाले आणि पुढे दक्षिण आफ्रिकेत गेले. झुलू समाजात धर्मगुरू, शिक्षक आणि मुख्याध्यापक म्हणून त्यांनी सुमारे १६ वर्षे काम केले.

तेथे दोन गोष्टींचा त्यांच्यावर परिणाम झाला. पहिली म्हणजे झुलू कुटुंबव्यवस्था. तेथे मृत पूर्वज हे कुटुंबाचे घटकच मानले जातात आणि आईवडिलांविषयीचा आदर गृहीत असतो. दुसरी गोष्ट म्हणजे १९६०च्या दशकात अँग्लिकन पंथीयांनी चालविलेली समूह-प्रशिक्षणे. वर्णभेदाच्या त्या काळात गोरे आणि कृष्णवर्णीय तेथे एकत्र बसत. अशा एका सत्रात प्रशिक्षकाने प्रश्न टाकला, की तुम्हाला तत्त्वे अधिक मोलाची वाटतात की माणसे, आणि कोणासाठी कोणाचा बळी द्याल? या प्रश्नाने आपल्याला अस्वस्थ केले, असे हेलिंगर पुढे अनेकदा सांगत.

१९७१ मध्ये त्यांनी धर्मसंघ सोडला आणि विवाह केला. व्हिएन्ना आणि म्युनिक येथे मनोविश्लेषणाचे प्रशिक्षण घेतले. अमेरिकेत आर्थर जॅनोव्ह यांच्या ‘प्रायमल थेरपी’चा अनुभव घेतला. एरिक बर्न यांच्या व्यवहार-विश्लेषणातून, माणूस नकळत एखादी जीवनसंहिता जगत असतो, ही कल्पना त्यांनी उचलली. ती संहिता बालपणाच्याही मागे, आजोबा-पणजोबांपर्यंत जाऊ शकते, हा त्यांचा स्वतःचा निष्कर्ष. हायडेलबर्गचे मानसोपचारतज्ज्ञ गुंथार्ड वेबर यांनी १९९३ मध्ये त्यांच्या कार्यशाळांवर आधारित पुस्तक संपादित केले आणि तोवर मर्यादित वर्तुळात असलेली ही पद्धत जर्मनीत एकदम प्रकाशात आली. ‘प्रेमाचे क्रम’ या अर्थाच्या शीर्षकाचे हेलिंगर यांचे पुस्तक १९९४ मध्ये आले. १९ सप्टेंबर २०१९ रोजी, वयाच्या ९३ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

ही पद्धत शून्यातून निर्माण झालेली नाही, हेही नमूद करायला हवे. मनातील संघर्ष रंगमंचावर उभा करण्याचे ‘सायकोड्रामा’ हे तंत्र जेकब मोरेनो यांनी त्यापूर्वीच विकसित केले होते. अमेरिकेतील कुटुंबोपचारतज्ज्ञ व्हर्जिनिया सॅटिर यांनी कुटुंबीयांचे जणू शिल्प उभे करण्याची पद्धत रूढ केली होती. पिढ्यांमधील देण्याघेण्याच्या अदृश्य हिशेबाविषयी इव्हान बोझोर्मेनी-नॉज यांनी १९७३ मध्येच ग्रंथ लिहिला होता. हेलिंगर यांनी हे धागे एकत्र आणले आणि त्यांना ‘क्रमा’चे तत्त्वज्ञान जोडले. या पद्धतीचे वेगळेपण आणि तिच्याविषयीचा वाद, दोहोंचे मूळ या तत्त्वज्ञानात आहे.

प्रेमाचे तीन क्रम

प्रेम असूनही कुटुंबात दुःख का निर्माण होते, हा हेलिंगर यांचा मूळ प्रश्न. त्यांच्या मते प्रेम केवळ असून भागत नाही. ते ठरावीक क्रमातून वाहावे लागते.

पहिला क्रम सामावून घेण्याचा. कुटुंबात जन्मलेल्या प्रत्येकाचा तेथील जागेवर समान हक्क असतो. मृत जन्मलेले मूल, वेडे ठरवून घराबाहेर ठेवलेला काका, तुरुंगात गेलेला भाऊ, पहिली पत्नी, सर्वांचाच. पंगतीत प्रत्येकाचे पान मांडलेले असावे, तसे हे आहे. एखाद्याचे पान उचलले गेले, की पुढच्या पिढीतील कोणीतरी नकळत त्या रिकाम्या जागी जाऊन बसतो आणि ज्याला कधी पाहिलेही नाही त्याचे दुःख जगू लागतो. यालाच हेलिंगर ‘गुंता’ म्हणतात. ज्यांच्या हानीमुळे कुटुंबाचा लाभ झाला, असे बाहेरचे लोकही या वर्तुळात येतात, असे त्यांचे प्रतिपादन आहे.

दुसरा क्रम आधी आणि नंतरचा. आधी आलेल्याला अग्रक्रम. आईवडील मुलांच्या आधीचे, थोरले भावंड धाकट्याच्या आधीचे. मूल आईवडिलांचा न्यायाधीश किंवा पालक बनू लागले, की त्याच्यावर न पेलणारे ओझे येते. मात्र नवे कुटुंब स्थापन झाले, की माहेर-सासरच्या जुन्या कुटुंबापेक्षा त्या नव्या कुटुंबाला प्राधान्य मिळावे, असेही ते सांगतात.

तिसरा क्रम देण्याघेण्याच्या समतोलाचा. पती-पत्नीत देणेघेणे बरोबरीचे असावे. एकजण सतत देत राहिला तर घेणारा ऋणाच्या भाराने दूर जातो. आईवडील आणि मुले यांच्यात मात्र हा समतोल कधीच साधत नाही. आईवडील जीवन देतात, मुले ते घेतात. परतफेड होते ती पुढच्या पिढीला देऊन.

सदसद्विवेकबुद्धीविषयीची त्यांची व्याख्या अधिक धक्कादायक आहे. आपण जिला अंतरात्म्याचा आवाज समजतो, ती बरे-वाईट ओळखण्याची शक्ती नसून आपल्या समूहात टिकून राहण्याची धडपड असते, असे ते म्हणतात. समूहाशी एकनिष्ठ असलो की मन निर्मळ वाटते, त्याच्यापासून दूर गेलो की अपराधी वाटते. त्यामुळेच माणसे निर्मळ मनाने भयंकर कृत्ये करू शकतात. नाझी राजवट तरुणपणी पाहिलेल्या माणसाच्या लेखणीतून हा विचार यावा, हे समजण्यासारखे आहे. आजोबांनी युद्धात काय केले, याविषयी मौन पाळणाऱ्या घरांतून मोठी झालेली पिढी जर्मनीत या कार्यशाळांकडे का वळली असावी, याचाही त्यातून अंदाज येतो.

परक्याला कळते ते कसे?

या पद्धतीतील सर्वांत विवाद्य बाब म्हणजे प्रतिनिधींच्या संवेदना. ज्या कुटुंबाविषयी काहीच माहिती नाही, त्यातील व्यक्तीच्या भावना परक्याला कशा जाणवाव्यात? पुरस्कर्त्यांपैकी अल्ब्रेश्ट मार यांनी यासाठी ‘जाणते क्षेत्र’ असा शब्द वापरला. काहीजण ब्रिटिश लेखक रूपर्ट शेल्ड्रेक यांच्या ‘मॉर्फिक क्षेत्र’ या कल्पनेचा आधार घेतात. मात्र शेल्ड्रेक यांची कल्पना मुख्य प्रवाहातील विज्ञानाने स्वीकारलेली नाही. आपण सिद्धान्त न लादता समोर दिसेल ते पाहतो, अशी हेलिंगर यांची भूमिका होती आणि तिला ते तत्त्वज्ञानातील घटना-मीमांसेचे नाव देत.

अधिक साधे स्पष्टीकरणही उपलब्ध आहे. कोण किती अंतरावर उभा आहे, कोणाची पाठ कोणाकडे आहे, यातून कोणाही माणसाच्या मनात भावना उमटतात. पाठ फिरवून उभ्या असलेल्या ‘वडिलां’पुढे उभे राहिले, तर अनोळखी माणसालाही एकाकी वाटेल. संचालकाच्या प्रश्नांतून, स्वरातून सूचना मिळतात. पाहणाऱ्याचे मन जुळणारे तपशील टिपते आणि न जुळणारे सोडून देते.

अलीकडे आनुवंशशास्त्राचाही दाखला दिला जातो. रेचल येहुदा आणि सहकाऱ्यांनी नाझी छळातून वाचलेले ३२ जण आणि त्यांची २२ मुले यांच्यात ताणाशी निगडित एका जनुकावरील रासायनिक बदल अभ्यासले. आघाताच्या खुणा पुढच्या पिढीत दिसू शकतात, असा संकेत त्यातून मिळाला. परंतु नमुना लहान होता. आणि आघाताचा जैविक ठसा उतरणे वेगळे, विस्मृत पणजीची जीवनकथा पणतीच्या वाट्याला येणे वेगळे. पहिल्यावरून दुसरे सिद्ध होत नाही.

वादाचे मोहोळ

१९९७ मध्ये लाइपझिग येथे हेलिंगर यांच्या एका मोठ्या जाहीर कार्यशाळेत सहभागी झालेल्या एका महिलेने त्यानंतर अल्पावधीतच आत्महत्या केली. एखाद्या आत्महत्येचे एकच कारण सांगता येत नाही. तरीही शेकडो प्रेक्षकांसमोर, पूर्वपरिचय नसताना, एखाद्याच्या आयुष्यावर काही मिनिटांत निर्णायक विधान करावे काय आणि त्यानंतर त्या व्यक्तीची जबाबदारी कोणाची, हे प्रश्न तेव्हापासून मागे पडलेले नाहीत.

दुसरा आक्षेप अधिक मूलभूत आहे. ‘आधी आलेल्याला अग्रक्रम’ आणि ‘आईवडिलांपुढे नतमस्तक व्हावे’ हे सूत्र ज्या घरात वडिलांनीच मुलीवर अत्याचार केला, तेथे लावायचे काय? अशा प्रकरणांत हेलिंगर यांची मांडणी अत्याचाऱ्याचा दोष सौम्य करते आणि पीडितेवर आईवडिलांचा सन्मान करण्याचे ओझे टाकते, अशी तीव्र टीका झाली. पती-पत्नीच्या भूमिकांविषयीची त्यांची मतेही पितृसत्ताक ठरवली गेली. २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पुस्तकात त्यांनी हिटलरला उद्देशून लिहिलेल्या मजकुराने संतापात भर पडली.

त्याच वर्षी जर्मनीतील कुटुंबोपचारतज्ज्ञांच्या एका प्रमुख संघटनेने ‘पोट्सडॅम जाहीरनामा’ काढून हेलिंगर यांच्या कार्यशैलीपासून फारकत घेतली. मांडणीचे तंत्र उपयुक्त ठरू शकते. मात्र गूढ भाषा, ‘नेहमी असेच होते’ अशी अंतिम विधाने, शरणागतीचे विधी आणि सत्य आपल्यालाच दिसते हा दावा मान्य नाही, असा त्याचा आशय होता. ‘सिस्टिमिक थेरपी’ला जर्मनीतील वैज्ञानिक सल्लागार मंडळाने २००८ मध्ये मान्यता दिली. ती मान्यता हेलिंगर यांच्या पद्धतीला मिळालेली नाही. दोहोंची गल्लत केली जाते, म्हणून हे सांगणे आवश्यक आहे.

संशोधन काय सांगते?

हायडेलबर्ग येथील संशोधकांनी २०८ प्रौढांना यादृच्छिक पद्धतीने दोन गटांत विभागले. एका गटाने तीन दिवसांच्या कार्यशाळेत भाग घेतला, दुसरा प्रतीक्षा यादीत राहिला. दोन आठवड्यांनी आणि चार महिन्यांनी केलेल्या मोजणीत पहिल्या गटाचे मानसिक स्वास्थ्य अधिक सुधारलेले आढळले. हे निष्कर्ष २०१३ मध्ये प्रसिद्ध झाले. २०२१ मधील एका आढाव्यात १२ अभ्यास तपासण्यात आले. त्यांपैकी नऊ अभ्यासांत लक्षणीय सुधारणा दिसली.

हा पुरावा दुर्लक्ष करण्याजोगा नाही. परंतु त्याच्या मर्यादा आहेत. हायडेलबर्गमधील सहभागी सर्वसाधारण लोकसंख्येतील होते, गंभीर मानसिक रुग्ण नव्हते. काहीच न मिळालेल्या गटाशी तुलना केल्यावर गुण नेमका कशाचा, हे कळत नाही. तीन दिवस आपले म्हणणे आस्थेने ऐकले जाणे, अनोळखी माणसांनी आपल्या दुःखात सहभागी होणे, बरे वाटेल ही अपेक्षा, यांचाही तो परिणाम असू शकतो. सहभागींना बरे वाटले, यावरून प्रतिनिधींनी सांगितलेला कौटुंबिक इतिहास खरा ठरत नाही.

न्यायालयात पोहोचलेली मांडणी

अशा पद्धतीला शासनमान्यता मिळाली की काय होते, हे ब्राझीलने अनुभवले. तेथील काही न्यायालयांत कौटुंबिक वाद समेटाने मिटावेत म्हणून ही पद्धत वापरली जाऊ लागली. २०१८ मध्ये आरोग्य मंत्रालयाने सार्वजनिक आरोग्यसेवेतील पूरक उपचारांच्या यादीत तिचा समावेश केला. कौटुंबिक हिंसाचाराच्या प्रकरणांतही तिचा वापर झाल्याने टीका वाढली. मार खाल्लेल्या स्त्रीला ‘कुटुंबाच्या क्रमा’त आपली जागा शोधायला सांगणे म्हणजे न्याय नव्हे, असा टीकाकारांचा मुद्दा होता. २०२३ मध्ये तेथील मानसशास्त्रज्ञांच्या संघीय परिषदेने तांत्रिक टिपण काढून ही पद्धत मानसशास्त्राच्या व्यावसायिक नीतीशी विसंगत असल्याचे स्पष्ट केले.

पुणे आणि पितर

महाराष्ट्राला पाश्चात्त्य समूहोपचार नवे नाहीत. पुण्यातील कोरेगाव पार्क येथील रजनीश आश्रमात १९७०च्या दशकात ‘एन्काउंटर’, ‘प्रायमल’ असे गट मोठ्या प्रमाणावर चालत. त्याच वर्तुळातील जर्मन उपचारक स्वागितो लिबरमाइस्टर यांनी पुढे हेलिंगर यांच्या पद्धतीला ध्यानाची जोड दिली आणि ‘द रूट्स ऑफ लव्ह’ हे पुस्तक लिहिले.

पितृपक्षात वाडवडिलांचे स्मरण करणाऱ्या आपल्या समाजाला, पूर्वजांची दखल न घेतल्यास वंशजांना त्रास होतो, ही कल्पना परकी वाटत नाही. तथापि, दोहोंत महत्त्वाचा फरक आहे. श्राद्धकर्मात पितरांना तर्पण करायचे असते. हेलिंगर यांच्या मांडणीत कोणाला काही अर्पण करायचे नसते. घराने नाकारलेल्या माणसाकडे पाहायचे आणि तोही आपलाच होता, असे म्हणायचे असते. ओळखीच्या वाटणाऱ्या कल्पनेवर आपण प्रश्न न विचारता विश्वास ठेवतो, म्हणून येथील वाचकाने अधिक सावध असावे.

जाण्यापूर्वी

कोणाला अशा कार्यशाळेस जावेसे वाटले, तर काही गोष्टी आधी विचाराव्यात. संचालकाकडे मानसशास्त्राची किंवा मानसोपचाराची मान्यताप्राप्त पात्रता आहे काय? भारतात चिकित्सालयीन मानसशास्त्रज्ञाला भारतीय पुनर्वास परिषदेची नोंदणी लागते. केवळ कॉन्स्टेलेशनचे प्रमाणपत्र म्हणजे ती नोंदणी नव्हे. सहभागाआधी वैयक्तिक भेट आणि नंतर पाठपुरावा होतो काय? मध्येच थांबण्याची मोकळीक आहे काय? सुरू असलेली औषधे बंद करण्याचा सल्ला कोणी देत असेल, तर तेथून परत फिरावे. तीव्र नैराश्य, आत्महत्येचे विचार, भ्रम किंवा नुकताच झालेला आघात असेल, तर आधी मानसोपचारतज्ज्ञांना भेटावे. केंद्र सरकारची ‘टेली-मानस’ ही मोफत दूरध्वनी सेवा १४४१६ या क्रमांकावर चोवीस तास उपलब्ध आहे.

हेलिंगर यांनी एक प्रश्न विचारण्याची सवय लावली, हे त्यांचे श्रेय मान्य करावे लागेल. आपल्या घरात कोणाचे नाव घेतले जात नाही, हा तो प्रश्न. त्याचे उत्तर शोधण्यासाठी बहुधा सभागृहाची गरज पडत नाही. घरातील वृद्ध आत्याजवळ किंवा मावशीजवळ तासभर बसले, जुनी पत्रे किंवा तसबिरी पुढे ठेवल्या, तरी पुष्कळ उलगडते. आणि ते उलगडलेले पडताळूनही पाहता येते. मांडणीतून सुचलेले उत्तर मात्र अनोळखी माणसांच्या संवेदनांवर उभे असते. ते विचारासाठी घ्यावे, निकाल म्हणून नव्हे. विसरलेल्या माणसाला त्याची जागा जरूर द्यावी. पण ती देताना, आज समोर दुःखात असलेल्या माणसाची जागा हिरावली जाऊ नये.